‘विअर्ड’ : एका शब्दाचे भवितव्य

काही वर्षांपूर्वी आमच्या गावातील एका लहानशा वाचनमंडळात शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’ नाटकाच्या एका अप्रकाशित मराठी भाषांतराचे वाचन झाले. भाषांतर कष्टपूर्वक केलेले होते. मूळ पद्याचा डौल मराठीत आणण्याची भाषांतरकारांची धडपड पावलोपावली जाणवत होती, आणि श्रोतेही मन लावून ऐकत होते. पहिल्या अंकाच्या तिसऱ्या प्रवेशात मात्र एक विपरीत गोष्ट घडली. माळरानावर त्या तिघी हातात हात घालून फेर धरतात आणि स्वतःचा उल्लेख स्वतःच करतात, त्या ठिकाणी भाषांतरात ‘आम्ही विचित्र भगिनी’ असे शब्द आले आणि श्रोत्यांमध्ये हशा पिकला. जेथे अंगावर काटा उभा राहावयाचा, तेथे लोक हसले. भाषांतरकारांना वाईट वाटले. वाचनानंतर त्यांनी कोश उघडून दाखविला. ‘विअर्ड’ या शब्दापुढे विचित्र, विलक्षण, चमत्कारिक असेच अर्थ दिलेले होते. त्यांची बाजू कोशाच्या आधाराने भक्कम होती. आणि तरीही भाषांतर चुकले होते, यात प्रस्तुत लेखकास शंका वाटत नाही. ही चूक कोठे झाली याचा शोध घेऊ गेल्यास सुमारे बाराशे वर्षांची वाट चालावी लागते, आणि त्या वाटेवर अगदी अनपेक्षितपणे आपल्याच भाषेची काही घरे लागतात.

‘विअर्ड’ हा शब्द आज विशेषण म्हणून वापरला जात असला, तरी मुळात तो विशेषण नव्हता. प्राचीन इंग्रजीत तो ‘व्युर्ड’ असा उच्चारला जाणारा एक स्त्रीलिंगी नाम होता. ‘होणे’ या अर्थाच्या ‘वेओर्थान’ या धातूपासून तो बनला. जर्मन भाषेतील ‘वेर्डन’ हे क्रियापद म्हणजे त्याच धातूचे आजचे रूप. इंग्रजीतून हा धातू नाहीसा झाला. १६११ च्या बायबलाच्या भाषांतरात यहेज्केलाच्या ग्रंथात, दुर्दिनाला उद्देशून काढलेल्या एका शोकोद्गारात तेवढा तो टिकून राहिला आहे. धातू गेला आणि त्याचे नाम मात्र मागे राहिले. ‘व्युर्ड’ म्हणजे जे होते ते, घडते ते. पुढे त्यालाच जे होणार ते, जे घडावयाचे ते, असा अर्थ आला. आपल्याकडे ‘होणारे चुकत नाही’ असे म्हणतात. त्यातील ‘होणारे’ हा शब्द ‘व्युर्ड’ला जितका जवळचा आहे, तितका संस्कृतातून घेतलेला कोणताही जड शब्द नाही.

या धातूच्या मुळाशी ‘वळणे, फिरणे’ हा अर्थ आहे. लॅटिन भाषेतील ‘वेर्तेरे’ म्हणजे वळविणे, आणि संस्कृतातील ‘वृत्’, ‘वर्तते’, ही याच कुळातील भावंडे होत. हे नाते केवळ ध्वनिसाम्यावर बेतलेले नाही. डेन्मार्कचे भाषाशास्त्रज्ञ कार्ल व्हेर्नर यांनी १८७५ साली शोधून काढलेल्या आणि १८७७ साली प्रसिद्ध केलेल्या नियमाने ते पक्के होते. ‘वेओर्थान’ या धातूच्या काही रूपांत ‘थ’ सारखा वर्ण येतो, तर काही रूपांत ‘ड’ येतो. भूतकाळी एकवचनी ‘वेआर्थ’, परंतु अनेकवचनी ‘वुर्डोन’. असे का व्हावे, याचे उत्तर जर्मानिक भाषांपाशी नव्हते, कारण ज्या स्वराघातामुळे हा भेद पडला तो त्या भाषांतून केव्हाच लोपला होता. उत्तर वेदांच्या भाषेत होते. ‘ववर्त’ या रूपात आघात धातूवर आहे, तर ‘ववृतिम’ या रूपात तो प्रत्ययावर सरकला आहे. जेथे आघात पुढे गेला तेथे जर्मानिक भाषांत वर्ण मृदू झाला. ‘व्युर्ड’ शब्दाच्या शेवटी ‘ड’ का आहे, याचा उलगडा वैदिक मंत्रांच्या स्वरचिन्हांवाचून झाला नसता. आमच्या वैदिकांनी पिढ्यान्‌पिढ्या मुखोद्गत करून जे स्वर जपले, त्यांचा असा उपयोग उत्तर युरोपातील एका शब्दाला व्हावा, ही भाषेच्या इतिहासातील एक मोठी मनोज्ञ घटना आहे.

मराठीत या ‘वृत्’ धातूचा संसार फार मोठा आहे. वर्तन, वर्तुळ, परिवर्तन, प्रवृत्ती, निवृत्ती हे शब्द तर उघडच आहेत. परंतु ‘वर्त्मन्’पासून आलेली आपली ‘वाट’, ‘वर्ति’पासून आलेली समईतील ‘वात’, ‘वर्तुल’पासून आलेला ‘वाटोळा’ हे घरगुती शब्दही त्याचेच. गोल या अर्थाचा ‘वाटोळा’ शब्द ‘वाटोळे होणे’ या प्रयोगात सर्वनाशाच्या अर्थाला जाऊन पोहोचला. बखरींत आणि जुन्या पत्रव्यवहारात ‘वर्तमान’ म्हणजे खबर, घडलेली हकिगत. ‘तिकडील वर्तमान लिहून पाठवावे’ असे लिहिण्याचा प्रघात होता. छंदाला आपण ‘वृत्त’ म्हणतो, आणि इंग्रज लोक पद्याला ज्या शब्दाने ओळखतात तो शब्दही ‘वेर्तेरे’पासूनच आलेला आहे. मात्र या सर्वांहून आपल्या विषयाला अधिक जवळचा असा एक मराठी धातू आहे, आणि तो म्हणजे ‘वर्तविणे’. भविष्य सांगितले जाते त्याप्रमाणेच ते वर्तविलेही जाते. त्याकडे पुढे वळू.

या शब्दाचे एक भावंड उत्तरेकडील नॉर्स भाषेत होते. ‘व्होलुस्पा’ या प्राचीन काव्यात विश्ववृक्षाच्या तळाशी राहणाऱ्या तीन स्त्रियांची नावे येतात. त्या माणसांच्या आयुष्याचे निर्णय ठरवितात. पहिलीचे नाव ‘उर्थ’, म्हणजे ‘व्युर्ड’चेच नॉर्स रूप. दुसरीचे नाव ‘वेर्थांदी’. ‘होणे’ या धातूचे हे वर्तमानकालवाचक धातुसाधित आहे, आणि संस्कृतात ‘वृत्’पासून तसेच बनलेले धातुसाधित म्हणजे आपला ‘वर्तमान’ हा शब्द. तिसरी ‘स्कुल्ड’. तिच्या नावात ‘जे व्हावयाचे’ हा अर्थ आहे आणि ‘ऋण’ हाही आहे. भविष्यकाळ म्हणजे फेडावयाचे देणे, ही कल्पना ऋणानुबंधाची भाषा बोलणाऱ्या मराठी वाचकाला परकी वाटणार नाही. या तिघींची मांडणी रोमन लोकांच्या तीन भाग्यदेवतांवरून झाली असावी, असा संशय काही पंडितांनी व्यक्त केला आहे. तो बाजूला ठेवला तरी शब्द मात्र अस्सल उत्तरेकडचेच आहेत.

आता प्राचीन इंग्रजी वाङ्मयाकडे वळू. ‘बेओवुल्फ’ या महाकाव्याचे एकुलते एक हस्तलिखित इ. स. १००० च्या आसपासचे आहे. त्यात ग्रेंडेल या राक्षसाशी झुंजण्यापूर्वी नायक म्हणतो की, व्युर्ड तिला जावयाचे तसेच जाणार. परंतु पुढे लगेच, समुद्रातील आपल्या पराक्रमाची कथा सांगताना, तोच म्हणतो की ज्याचा मृत्यू ठरलेला नाही अशा वीराचे धैर्य अभंग राहिले, तर व्युर्ड त्याला पुष्कळदा वाचविते. हे दुसरे विधान सूक्ष्मपणे पाहण्यासारखे आहे. ज्याची घटका भरलेली नाही तोच वाचणार, हे खरे. पण त्याच्याही बाबतीत धैर्याची अट आहेच. दैव आणि पुरुषकार यांचा जो वाद आपल्याकडे महाभारतापासून चालत आला आहे, त्याचेच हे एक रूप. बेओवुल्फ त्या दोहोंपैकी एकाचीही बाजू सोडत नाही.

एकोणिसाव्या शतकातील अभ्यासकांनी या शब्दावर एक भव्य इमारत उभी केली. याकोब ग्रिम यांच्या ‘डॉइचे मिथोलोगी’ या १८३५ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथापासून ‘व्युर्ड’ ही ख्रिस्तपूर्व काळातील एक सामर्थ्यवती देवता होती, आणि प्राचीन इंग्रजी काव्यात जेथे जेथे हा शब्द येतो तेथे तेथे जुन्या धर्माचा अवशेष दडलेला आहे, असे मानण्याची प्रथा पडली. या मताला आधार अगदीच नव्हता असे नाही. लॅटिन शब्दांचे अर्थ देणाऱ्या आठव्या शतकाच्या सुमाराच्या शब्दसंग्रहांत रोमन भाग्यदेवतांपुढे ‘व्युर्ड’चे अनेकवचन दिलेले आढळते. परंतु विसाव्या शतकात टिमर यांनी, आणि पुढे १९६४-६५ मध्ये स्टॅन्ली यांनी, या इमारतीचा पाया तपासला. उपलब्ध वाङ्मय ख्रिस्ती लेखकांनी लिहून ठेवलेले आहे, आणि त्यात ‘व्युर्ड’चा अर्थ बहुधा घटना, प्रसंग, वाट्याला आलेली गोष्ट, एवढाच होतो. प्रत्येक ठिकाणी देवता पाहणे म्हणजे आपल्या मनातील मूर्ती दुसऱ्याच्या देव्हाऱ्यात ठेवणे होय. आपल्याकडेही ओवीत ‘दैव’ शब्द दिसला की त्यावरून कवीचे संपूर्ण तत्त्वज्ञान रचणारे टीकाकार होऊन गेले आहेत. त्यांनाही हा इशारा लागू पडावा.

या शब्दाचा सर्वांत विचारपूर्वक उपयोग केलेला दिसतो तो बोएथियसच्या तत्त्वचिंतनात्मक ग्रंथाच्या प्राचीन इंग्रजी भाषांतरात. परंपरेने हे भाषांतर राजा आल्फ्रेड (कारकीर्द ८७१ ते ८९९) याच्या नावावर आहे. अलीकडील अभ्यासक त्याच्या कर्तृत्वाबद्दल साशंक आहेत. भाषांतरकार कोणी का असेना, तो बुद्धिमान होता. त्याने असा भेद केला की, ईश्वराच्या मनात जोवर एखादी गोष्ट योजनारूपाने असते तोवर तिला पूर्वचिंतन म्हणावे, आणि ती प्रत्यक्ष घडून आली म्हणजे तिला व्युर्ड म्हणावे. येथे व्युर्ड ही ईश्वराच्या रोजच्या कार्याचे नाव झाली. पुढे तो गाडीच्या चाकाचा दृष्टान्त घेतो. आस म्हणजे ईश्वर. तो स्थिर आहे आणि चाक त्याच्याभोवती फिरते. उत्तम माणसे आसाला लागून असलेल्या तुंब्यापाशी, मध्यम माणसे आऱ्यांमध्ये, आणि हीन माणसे जमिनीवर आदळत जाणाऱ्या बाहेरच्या कडेवर. ज्या शब्दाच्या मुळाशी ‘फिरणे’ आहे, त्याच्या विवेचनात चाक यावे हे शोभून दिसते. भाषांतरकाराला व्युत्पत्ती ठाऊक असण्याचे कारण नव्हते.

इ. स. १०६६ नंतर इंग्लंडवर फ्रेंच भाषिकांचे राज्य आले, आणि दैव, भाग्य, नियती यांसाठी फ्रेंच व लॅटिन शब्द रूढ होऊ लागले. चौदाव्या शतकात चॉसरने आपला जुना शब्द वापरला, पण तो वापरताना आपण याला ‘डेस्टिनी’ म्हणतो असा खुलासा एके ठिकाणी त्याला जोडावा लागला. ज्या शब्दाला खुलासा लागतो, त्याचे दिवस भरत आल्याचे ते चिन्ह असते. दक्षिण इंग्लंडात हा शब्द मावळला. स्कॉटलंडात मात्र तो जगला, आणि आजचे त्याचे स्पेलिंगही तिकडचेच आहे. १४२० च्या सुमारास अँड्र्यू ऑफ विंटन याने लिहिलेल्या पद्य इतिहासात मॅकबेथला स्वप्नात तीन स्त्रिया दिसतात, आणि त्या त्याला ‘विअर्ड सिस्टर्स’ वाटतात. गॅव्हिन डग्लस याने १५१३ साली पूर्ण केलेल्या व्हर्जिलच्या महाकाव्याच्या भाषांतरात रोमन भाग्यदेवतांना हेच नाव दिले आहे. म्हणजे ‘विअर्ड सिस्टर्स’ हा एक रूढ सामासिक प्रयोग होता, आणि त्यात ‘विअर्ड’ हे नामच होते. अर्थ होता, भवितव्याच्या भगिनी.

शेक्सपिअरने १६०६ च्या सुमारास नाटक लिहिले ते होलिन्शेडच्या इतिहासाच्या १५८७ च्या आवृत्तीवरून. होलिन्शेडने या भगिनींचे नाव देताना, म्हणजे भाग्यदेवता किंवा एखाद्या वनदेवता अथवा परी, असा अर्थही सांगून टाकला आहे. त्या काळच्या लंडनमधील वाचकालाही खुलाशाची गरज होती, हे यावरून दिसते. १६२३ च्या पहिल्या संग्रहात हा शब्द सहा वेळा येतो, आणि एकदाही ‘विअर्ड’ असा छापलेला नाही. तीनदा ‘वेवर्ड’ आणि तीनदा ‘वेयर्ड’ असा तो छापलेला आहे. अनोळखी शब्द ओळखीच्या साच्यात बसविण्याचा हा प्रकार असावा, कारण ‘वेवर्ड’ म्हणजे स्वैर, हट्टी. १७३३ साली लुइस थिओबाल्ड या संपादकाने होलिन्शेडच्या आधाराने पाठ सुधारला, आणि ‘विअर्ड’ शब्द नाटकात परत आला. ‘वेवर्ड’ हा पाठ अगदीच निरर्थक नाही, त्यात श्लेष असू शकेल, असे मानणारे अभ्यासकही आहेत.

शब्द परत आला, परंतु त्याचा अर्थ परत आला नाही. रंगसूचनांत त्या तिघींना चेटकिणी म्हटलेले असल्याने, प्रेक्षकांच्या व वाचकांच्या मनात चेटकिणींच्या दाढ्या, कढई आणि बेडूक यांचे चित्र पक्के झाले. ज्या शब्दाचा अर्थ कोणालाच माहीत नव्हता, त्याला या चित्राने नवा अर्थ पुरविला. शेलीने १८१६ साली प्रसिद्ध झालेल्या ‘अलास्टर’मध्ये आणि कीट्सने १८२० च्या ‘लामिया’मध्ये तो विशेषण म्हणून, गूढ व अमानुष अशा अर्थाने वापरला. तेथून पुढची उतरण वेगाने झाली. १९२३ साली अमेरिकेत निघालेल्या भयकथांच्या एका मासिकाने हा शब्द आपल्या नावात घेतला. आज तर वर्गात कोणी जरा निराळा सदरा घालून आला तरी त्याला ‘विअर्ड’ म्हणतात, आणि शहरांतील मराठी मुलेही मराठी बोलताना तो शब्द सर्रास वापरतात. याच वाटेने गेलेला दुसरा एक शब्द आहे. बेओवुल्फच्या वर उल्लेखिलेल्या विधानात ‘ज्याचा मृत्यू ठरला आहे’ या अर्थाचा जो शब्द येतो, तो स्कॉटलंडातून पुन्हा इंग्रजीत आला. ‘फे’ असे त्याचे रूप असून त्याचा आजचा अर्थ आहे लहरी, स्वप्नाळू. मृत्यूची छाया असलेला शब्द गमतीचा व्हावा, यास भाषेचा ऱ्हास म्हणावयाचे की नुसते जगणे म्हणावयाचे, हा ज्याच्या त्याच्या स्वभावाचा प्रश्न आहे.

आता पुन्हा त्या वाचनाकडे. ‘विचित्र’ हा अर्थ शेक्सपिअरच्या काळी त्या शब्दाला नव्हता. तो या नाटकामुळेच पुढे दोनशे वर्षांनी निर्माण झाला. नाटकाच्या परिणामाने झालेला अर्थ नाटकाच्या आत नेऊन बसविणे म्हणजे नातवाचे नाव आजोबांना ठेवण्यासारखे आहे. परंतु हा दोष केवळ कोशापुरता नाही. त्याने नाटकाचा गाभाच हरवतो. ‘मॅकबेथ’मध्ये खरा प्रश्न हा आहे की, जे घडले ते होणारच होते, की मॅकबेथने ते केले? त्या तिघी त्याला भावी राजा म्हणून अभिवादन करतात. राजाचा खून कर, असे त्या एकदाही म्हणत नाहीत. दैवच मला राजा करणार असेल तर मी हात न हलवताही ते मुकुट घालील, असा विचार मॅकबेथच्या मनात येऊन जातो. तो तेथेच थांबता तर नाटक घडले नसते. पुढे तर तो स्वतःपुरते भविष्य खरे मानतो, आणि बँकोच्या वंशजांना राज्य मिळणार हे भविष्य खोटे पाडण्यासाठी मारेकरी पाठवितो. दैवाचा अर्धा भाग स्वीकारावयाचा आणि अर्ध्याशी झुंज घ्यावयाची, हीच त्याची शोकांतिका. त्या भगिनी नुसत्या विचित्र बाया ठरल्या की हा प्रश्नच उरत नाही. उरते ती एका महत्त्वाकांक्षी सरदाराची आणि तीन चेटक्या म्हाताऱ्यांची गोष्ट.

मग ‘दैवभगिनी’ म्हणावे काय? तसे म्हटल्याने दुसऱ्या बाजूची चूक होते. ‘दैव’ शब्दात देव आहे आणि ‘विधिलिखित’ शब्दात लेखणी आहे. पाचवी-सहावीच्या रात्री सटवाई तान्ह्या बाळाच्या कपाळी जे लिहिते ते पुसता येत नाही, अशी आपली भावना आहे. हे शब्द योजले की मॅकबेथ निर्दोष ठरण्याचा धोका उद्भवतो. त्याच्या वाट्याला आले ते त्याने भोगले, एवढेच मग म्हणता येते. या अडचणीतून सुटण्यास आपल्याच भाषेतील ‘वृत्’ धातू साहाय्य करतो, असे प्रस्तुत लेखकास वाटते. एकाच मूळ धातूपासून इंग्रजांनी ‘व्युर्ड’ घेतला, म्हणजे माणसावर जे येते ते. आपण ‘वर्तन’ घेतले, म्हणजे माणूस जे करतो ते. मॅकबेथ या दोन अर्थांच्या मधोमध उभा आहे. त्या तिघी भविष्य ‘वर्तवितात’, आणि तो ‘वर्ततो’. यास्तव त्यांना ‘होणारे वर्तविणाऱ्या तिघी’ किंवा, नाट्यभाषेत थोडक्यात सांगावयाचे तर, ‘भवितव्याच्या बहिणी’ म्हणावे अशी सूचना येथे करतो. ‘भवितव्य’ शब्द ‘भू’ धातूपासून आलेला असल्याने त्यात ‘होणे’ आहे, परंतु लिहिणारा हात नाही.

यावर एक आक्षेप येईल, आणि तो योग्यच असेल. शब्दाचे मूळ म्हणजे त्याचा अर्थ नव्हे. शेक्सपिअरला वैदिक स्वर माहीत नव्हते आणि प्रेक्षकाला त्यांची गरज नाही. हे मान्य आहे. ‘वर्तविणे’ हा शब्द ‘व्युर्ड’चा नातलग आहे म्हणून तो योजावा असे आमचे म्हणणे नाही. तो योजावा, कारण तो मराठीत आजही जिवंत आहे, आणि पंचांग उघडून बसलेल्या जोशीबुवांपासून वेधशाळेपर्यंत सर्वांच्या तोंडी आहे. नाते निघाले ही मागाहून मिळालेली शिदोरी समजावी. दुसरा आक्षेप रंगभूमीवरील मंडळींचा असेल. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस शिवराम महादेव परांजपे यांनी ‘मानाजीराव’ रचले, आणि १९५४ साली शिरवाडकरांनी ‘राजमुकुट’. ही रूपांतरे होती, आणि रूपांतरकाराला कथानक आपल्या मातीत रुजविण्याचे स्वातंत्र्य असते. शब्दाशी प्रामाणिक राहण्याचे बंधन भाषांतरकारावर येते, आणि येथील चर्चा त्याच्यासाठी आहे.

त्या वाचनाच्या रात्री भाषांतरकार सद्गृहस्थांना हे सारे सांगणे जमले नाही. पुढे त्यांची गाठ पडली तेव्हा ‘भवितव्याच्या बहिणी’ हे शब्द त्यांच्यापुढे ठेवले. त्यांनी ते दोनदा मोठ्याने म्हणून पाहिले आणि म्हणाले, “अर्थ लागतो, पण तोंडात घोळत नाही. फेर धरताना पायाला ठेका हवा.” त्यांचे म्हणणे खरे आहे. मूळ दोन शब्दांत जो ठेका आहे, तो आमच्या सूचनेत उतरलेला नाही. ज्या कोणा कवीला तो सापडेल, त्याने तो अवश्य द्यावा. मात्र त्यावर लोकांनी हसता कामा नये, एवढी अट राहीलच.